पाळण्यामागची भिंत

पुष्कळ जुनी गोष्ट आहे. तेव्हा पाली माणसांशी बोलत आणि माणसं त्यांचं ऐकत, म्हणजे सोयीचं असेल तेवढं.

डोंगरापलीकडच्या एका राज्यात एक चाल होती. नवा राजा गादीवर बसला की दरबाराच्या भिंतींना आतून आपल्या आवडीचा रंग देई. जुना रंग मात्र कुणी खरवडत नसे. पूर्वजांच्या रंगाला हत्यार लावणं म्हणजे त्यांचा अपमान, असं सगळे मानत. त्यामुळे आजोबांच्या हिरव्यावर वडिलांचा निळा, असे थरावर थर चढले होते.

नुकत्याच गादीवर बसलेल्या तरुण राजाला मुलगी झाली. बारसं दरबारातच करायचं आणि त्याआधी भिंती केशरी करायच्या, असं त्याने ठरवलं. पाळणा जिथे टांगायचा होता, त्याच्या मागच्या भिंतीवर ओलीचा डाग होता. तिथे राहणारी म्हातारी पाल राजाला म्हणाली, "महाराज, इथे पाय ठेवला की खालचे थर हलतात. आधी खरवडा, भिंत सुकू द्या, मग रंग लावा."

राजा रंग निवडण्यात दंग होता. बारसं तोंडावर आलंय आणि हिला खरवडायचं सुचतंय, असं म्हणून तो हसला. डागावर तेवढा रंगाचा आणखी एक हात फिरवा, असं त्याने रंगाऱ्यांना सांगितलं.

बारशाच्या दिवशी दरबार कसा झळाळत होता! समया लागल्या. पाहुणे भिंतींकडे बघून माना डोलवत होते. आत्याने नाव सांगायला बाळाला पाळण्यातून उचललं आणि तिच्या कानाशी तोंड नेण्यासाठी ती समयांच्या उजेडाकडे चार पावलं गेली.

तेवढ्यात मागे काहीतरी करकरलं. केशरी भिंत पोटासारखी फुगली आणि सगळे थर गिलाव्यासकट एकदम पाळण्यावर कोसळले. पाळण्याचा चुरा झाला.

राणी धूळ खाली बसेपर्यंत त्या चुऱ्याकडेच बघत राहिली; बाळ आत्याच्या हातात आहे हे तिला दिसत असूनही पटत नव्हतं. राजा भिंतीपाशी गेला आणि तिथे त्याला दुसरा धक्का बसला. तुटलेल्या कडेला वडिलांचा निळा थर त्याच जागी दुप्पट जाड होता. त्याखाली आजोबांचा हिरवाही तसाच.

"म्हणजे त्यांनाही ठाऊक होतं," तो कसाबसा म्हणाला.

"हो महाराज," तुळईवरून पाल म्हणाली. "माझ्या आईने तुमच्या वडिलांना सांगितलं होतं आणि आजीने आजोबांना. तेही हसलेच होते."

राजाने भरजरी शेला उतरवला, खुरपं मागवलं आणि पूर्वजांचे रंग स्वतःच्या हाताने खरवडायला घेतले. मुलीचं नाव राहूनच गेलं होतं. ते भिंत पुरती सुकल्यावर, रंग न दिलेल्या त्या भिंतीपाशीच ठेवलं गेलं.

मुलांनो आणि मोठ्यांनो, लक्षात ठेवा: जो दोष आपण दुरुस्त न करता झाकून ठेवतो, तो शेवटी आपल्या लेकरांच्या अंगावर कोसळतो.