तळ्याकडचं कुंपण

स्वीडनमधल्या टॉर्नसुंड गावाच्या फुटबॉल मैदानाला तीनच बाजूंनी कुंपण आहे. चौथ्या बाजूला मॉर्केन तळं आणि काठाशी बांधलेली एक पिवळी होडी. क्लब आज व्यावसायिक आहे, खेळाडू पगारी आहेत, संध्याकाळच्या सामन्यांना मोठाले दिवे लागतात; पण साधी एक जाळी लावायचं काही होत नाही. दर सामन्यात दोन-चार चेंडू पाण्यात जातात. त्याहून नवल म्हणजे, ते आणायला होडीत बसतं पाहुण्या संघाच्या गोलकीपरच्या घरचं माणूस. बायको, बाप, मावशी, जे कुणी आलं असेल ते.

मैदान दाखवणारे स्टूरे आजोबा ही गोष्ट त्या होडीशेजारी उभं राहूनच सांगतात. "आम्हाला जाळी मिळत नाही असं समजू नका," ते आधीच बजावतात. "ती लावायची गावात कुणाची छाती होत नाही."

फार वर्षांपूर्वी टॉर्नसुंड आणि तळ्यापलीकडचं हेडब्रू यांच्यात विस्तव जात नव्हता, म्हणे. यांनी चर्चला घंटा बसवली की त्यांनी तिच्याहून मोठी बसवायची. अशात टॉर्नसुंड क्लबचे अध्यक्ष आल्गोत यांची मुलगी सिग्ने नेमकी हेडब्रूच्या एव्हर्टच्या प्रेमात पडली, आणि एव्हर्ट होता हेडब्रूचा गोलकीपर. लग्न झालं. दोन्ही गावं पोटभर जेवली आणि दोन्ही गावांनी नाकं मुरडली.

त्याच वर्षी हंगामाचा शेवटचा सामना या दोन संघांत, टॉर्नसुंडच्या मैदानावर आला. वरच्या लीगमध्ये एकालाच जागा होती. हेडब्रूला जिंकणं भाग होतं, टॉर्नसुंडला बरोबरीही पुरणार होती. आल्गोत म्हणाले, लेक माझ्याशेजारी बसेल. सासू हुल्डा म्हणाली, सून आमच्यात बसेल. लग्न झालेल्या मुलीनं कुठं बसावं हा प्रश्न, स्टूरे आजोबांच्या मते, जगातल्या कुठल्याच पंचाला सुटलेला नाही. सिग्ने वाद घालत बसली नाही. तिनं सासरची होडी काढली, कॉफीची किटली सोबत घेतली, तळं ओलांडलं आणि मैदानासमोर पाण्यातच नांगर टाकला. ना माहेर, ना सासर.

हेडब्रूनं लवकरच एक गोल केला. मग टॉर्नसुंडवाले पेटले, पण एव्हर्ट त्या दिवशी कुणाला दाद देईना. सिग्ने मात्र दोन्हीकडून कात्रीत सापडली होती. बाप हरला तर त्याचं तोंड बघवलं नसतं, आणि नवरा हरला तर ते दुःख रोज तिच्याच घरात, तिच्याच टेबलाशी जेवायला बसलं असतं.

सामना संपत आला तेव्हा हेडब्रूच्या एका धिप्पाड गड्यानं वेळ काढायला चेंडू असा भिरकावला की तो थेट तळ्यात. दुसरा चेंडू आधीच फुटला होता, आणि त्या काळी चेंडू आणेपर्यंत पंचांचं घड्याळ थांबत नसे, असं सांगतात. चेंडू तरंगत तरंगत सिग्नेच्या होडीपाशी आला.

"सावकाश ये गं सिग्ने! काही घाई नाही!" काठावरून हुल्डा ओरडली.

"लवकर, पोरी, लवकर!" हे आल्गोत.

सिग्नेनं चेंडू उचलून मांडीवर घेतला. सासरला जिंकवायला तिला काहीच करायचं नव्हतं, नुसतं बसून राहायचं होतं. नांगर अडकला म्हटलं असतं तर कुणी पाण्यात उतरून पाहणार नव्हतं. तिनं गोलाकडे पाहिलं. एव्हर्ट तिच्याकडेच बघत होता. त्यानं हात केला नाही, मानही हलवली नाही, डोक्यावरची टोपी तेवढी नीट केली.

सिग्नेनं नांगर ओढला आणि वल्ही मारायला सुरुवात केली. तळहात सोलून निघाले, पण ती थांबली नाही. काठाला लागताच तिनं चेंडू शालीनं खसखसून पुसला आणि दिला. पुसला की नाही यावर दोन्ही गावांचं अजून एकमत नाही. हेडब्रूवाले म्हणतात, पुसला असता तर तो एव्हर्टच्या हातून निसटला असता का? कारण पुढच्याच फेकीवर टॉर्नसुंडच्या कुणीतरी डोकं लावलं, चेंडू एव्हर्टच्या बोटांना चाटून आत गेला आणि शेवटची शिट्टी झाली. बरोबरी. टॉर्नसुंड वर गेलं.

इकडे जल्लोष सुरू झाला. हुल्डा मात्र चारचौघांत म्हणाली, "शेवटी लेक माहेरचीच." आल्गोतनी ते ऐकलं आणि त्यांचा सगळा आनंद जागच्या जागी विरला. ते बाकावर चढले. या बाजूला कधी कुंपण होणार नाही, अशी शपथ त्यांनी घेतली. आणि यापुढे होडी पाहुण्या गोलकीपरच्याच घरच्या माणसाच्या हाती राहील. "तुम्ही हळू आलात तरी आम्ही चकार शब्द काढणार नाही," ते म्हणाले. "पण माझ्या लेकीनं केलं तेच तुम्हीही कराल, बघा."

सिग्नेचं त्या शपथेकडे लक्ष नव्हतं. हेडब्रूचा संघ ट्रकनं तळ्याला वळसा घालून परत जायचा होता. ती होडीत बसून राहिली. एव्हर्ट त्या ट्रकमध्ये चढला तर पलीकडच्या घरी कुठल्या तोंडानं जायचं, हे तिला कळेना. ट्रक सुरू झाल्याचा आवाज आला. मग दूर गेल्याचा. मान वर करायचा तिला धीर होत नव्हता. तेवढ्यात होडी एका बाजूला कलली. एव्हर्ट आत उतरला होता. त्यानं तिचे तळहात उलटून पाहिले, वल्ही स्वतःकडे घेतली आणि म्हणाला, "तू हळू आली असतीस ना, तर मी ट्रकनं गेलो असतो."

आजही टॉर्नसुंडला मोठमोठ्या शहरांचे संघ येतात, आणि त्यांच्या गोलकीपरांच्या आया-बहिणी केशरी जाकिटं चढवून होडीत बसतात. एखादीला वल्हवता येत नाही, होडी जागीच गोल गोल फिरते. मग टॉर्नसुंडचेच प्रेक्षक तालावर टाळ्या वाजवत तिला काठाला आणतात. मुद्दाम हळू कुणी आल्याचं अजून ऐकिवात नाही. आणि सामना संपला की पाहुण्यांचा गोलकीपर, जिंकलेला असो की हरलेला, बसकडे जात नाही. चिखलाच्या बुटांनी तो आधी पाण्यापाशी येतो आणि आपल्या माणसाला हात देऊन वर घेतो.