रतन्याची सरळ वाट

माणसांना बैलांची भाषा कळायची, तेव्हाची ही गोष्ट. एका तेलघाण्याला रतन्या नावाचा तरणा बैल जुंपलेला होता. डोळ्यांवर झापडं बांधून दिवसभर गोल फिरायचं, हे त्याला म्हाताऱ्या हरण्या बैलाने शिकवलं. "बघायचंय कशाला? आपल्या घराण्यात कुणी बघितलं नाही!"

मग घाण्यावर यंत्र आलं. आता मालकाला तेल बाजारात वाहून न्यायला घाटापलीकडच्या वाटा जाणणारा गडी हवा होता. तो मान उकिरडे हुंगत रानभर भटकलेल्या गाढवाला मिळाला, आणि पेंडीची पाटीही.

रतन्या गाढवावर डाफरला, "तुझ्या दसपट चाललोय मी!"

"चाललास रे, पण पोचलास कुठं?" गाढव पेंड चघळत म्हणालं.

मालकाला दया आली. त्याने झापडं सोडली. "त्या वडापर्यंत सरळ जाऊन दाखव. तुलाही गाढवाच्या जोडीला घेतो."

रतन्या ईर्ष्येने सुटला. वड समोर दिसत होता, जीव तिकडेच ओढत होता. पाय मात्र वळत वळत पुन्हा घाण्यापाशीच आले.

गाढव हसलंसुद्धा नाही. ते त्याला जास्तच झोंबलं.

हरण्या मात्र गोठ्यातून अभिमानाने हंबरला, "शाब्बास पोरा! घराण्याचं नाव राखलंस."