मजेत आहे गं

फार पूर्वी एका डोंगरउतारावर सात घरांचं गाव होतं. घरं एकमेकांपासून लांब, पायवाट काट्याकुट्यांची. म्हणून तिथे एक रीत होती. सकाळी दार उघडलं की खालच्या घराने हाक द्यायची, "उठलात का हो?" वरच्याने "उठलो!" म्हणायचं आणि पुढच्या घराला हाक घालायची. ज्या घरातून उत्तर येत नसे, तिकडे सारं गाव हातातलं काम टाकून धावे.

सहाव्या घरात एक कोष्टीण राहत होती. सातव्यात, पार माथ्यावर, तिची थोरली बहीण. एकटीच, आणि तोंडाची भारी फटकळ.

एके दिवशी एक सौदागर आला आणि घरोघर एकेक जादूचा आरसा वाटून गेला. फुकट म्हटल्यावर कोण नको म्हणतो? आरशाला विचारायचा अवकाश, हवं ते माणूस त्यात दिसे, बोलेसुद्धा. मग घसा कोण कोरडा करणार? आठ दिवसांत हाका बंद पडल्या. लोक दारं लावून आरशापुढे बसू लागले.

एका सकाळी कोष्टिणीने विचारलं, "ताई, बरी आहेस ना?"

"मजेत आहे गं," आरशातली ताई हसून म्हणाली.

दुसऱ्या दिवशीही तेच शब्द, तेच हसू. कोष्टिणीच्या मनात पाल चुकचुकली. "माझं सोड, तू आधी केस विंचर," असं म्हणणारी बाई ती! इतकी गोड कधीपासून झाली? वर जाऊन यावं असं वाटलं. पण मागावर लुगडं अर्धं होतं, आणि आरसा तर सांगतच होता. ती बसून राहिली.

तिसऱ्या दिवशी ती काकुळतीने म्हणाली, "ताई, रागाव ना गं मला एकदा."

"मजेत आहे गं," ताई हसली.

कोष्टीण माग सोडून उठली. ती तशीच अनवाणी धावत सुटली.

वर दार सताड उघडं होतं, चूल थंड. अंगणात धान्य साठवायचं खोल पेव होतं, त्याचं झाकण मोडून आत गेलं होतं. वाकून बघायचा धीर होईना. तरी ती वाकली. तळाशी ताई पडली होती, पाय मोडलेला. ओठ हलत होते, पण आवाज येत नव्हता.

तीन दिवस तिने हाका मारल्या होत्या. खाली साऱ्यांची दारं बंद होती.

ताई वाचली. आवाज मात्र गेला तो गेलाच. आणि कोष्टिणीच्या घरातला आरसा त्याच आवाजात रोज सांगत राहिला, "मजेत आहे गं." ऐकून तिच्या अंगावर काटा येई. फोडून टाकावा म्हटलं तर हात धजत नसे. ताईचा आवाज आता तेवढाच उरला होता.

तात्पर्य: आपल्या माणसाची खुशाली हवी असेल, तर दार उघडून त्याच्यापर्यंत चालत जावं, नुसतं दिसणं म्हणजे भेट नव्हे.