बाकीचे तीन ठोके

"…मग लोक नाचत का नाहीत, मास्तर? दोष माझा, की त्यांचा?"

हेरंबनं हे विचारलं तेव्हा इनास मास्तर केळीच्या बुंध्याशी पाणी सोडत होते. त्यांनी मान वर केली नाही.

"त्यांचा," मास्तर म्हणाले.

हेरंबनं माझ्याकडे बघून भुवया उडवल्या. असा राग आला म्हणता मला!

"तर मग त्यांना पाठव माझ्याकडे," मास्तर म्हणाले. "शिकवतो. तू कशाला आलास?"

हेरंबच्या भुवया खाली आल्या.

मी आग्नेल. वसईत आमचा सहा जणांचा बँड आहे. मी बास गिटार वाजवतो आणि बाकीच्या पाचांवर ओरडतो. बास मला मास्तरांनीच शिकवली. सत्तरच्या दशकात ते चर्चगेटजवळच्या एका हॉटेलात वाजवायचे. आधी सोल, मग फंक, ही अमेरिकेतली नाचाची गाणी, मग डिस्को आलं तेही. त्या हॉटेलात म्हणे वेटरसुद्धा ट्रे घेऊन तालात चालायचे. आता मास्तर अठ्ठ्याहत्तर वर्षांचे. संधिवातानं बोटं वाकडी झालीत आणि गिटार खुंटीला लटकतेय. उरली ती वाडी, केळी आणि फिलूमावशी, म्हणजे त्यांची बायको.

आणि हा हेरंब वर्तक. वय चोवीस. इंजिनीअरिंग तिसऱ्या वर्षाला सोडून चेन्नईला ड्रम शिकायला गेला. वडील त्या दिवसापासून त्याच्याशी बोलत नाहीत. ड्रमच्या आठच्या आठ परीक्षा देऊन आला. हात असे चालतात की दोनाचे चार दिसावेत. मी खुशीनं बँडमध्ये घेतला त्याला.

त्याच्याबरोबर आम्ही तीन लग्नं वाजवली. तिन्ही लग्नांत माणसं खुर्च्यांना चिकटून बसली. टाळ्या पडल्या, लोकांनी फोन वर धरून त्याचं शूटिंग केलं. नाचलं मात्र कोणी नाही. अहो, वसईचं लग्न आणि नाच नाही! नवरीची आजी मला विचारते, "बाबा, आज उपास आहे का तुमचा?"

येत्या रविवारी जुजे आणि कात्रीन यांच्या लग्नाला पन्नास वर्षं पूर्ण होत होती. दोघांची गाठ पडली तीच नाचताना, चौऱ्याहत्तर साली. त्यांनी एकच मागणं केलं होतं. गाणी आमच्या वेळची वाजवा, आणि आम्हाला एकदा नाचवा.

म्हणून मी हेरंबला तोंडावर सांगितलं होतं, "रविवारी कोणी उठलं नाही, तर सोमवारपासून तू बँडमध्ये नाहीस."

त्याचा चेहरा पडला होता. बँड सुटला तर वडिलांसमोर जाऊन उभं राहावं लागणार, आणि ते काय म्हणतील हे त्याला ठाऊक होतं. मलाही वाईट वाटलं. म्हणून तर मास्तरांकडे आणला.

"वाजवून दाखव," मास्तर म्हणाले.

"इथं? कशावर?"

मास्तरांनी पाण्याच्या निळ्या पिंपाकडे बोट केलं. शेजारी एक घमेलं पालथं पडलं होतं.

हेरंबनं पिशवीतून काड्या काढल्या, कानात इअरफोनची बारकी खुंटी बसवली आणि फोनवर काहीतरी लावलं.

"ते काय?" मास्तरांनी विचारलं.

"क्लिक. कानात टिकटिक चालू राहते. लय जरासुद्धा हलत नाही. डिस्को, मिनिटाला एकशेवीस ठोके."

"बरं."

आणि वाजवलं हो पोरानं! खोटं कशाला बोलू. पिंपातून गडगडाट काढला, घमेल्यातून ठिणग्या काढल्या. झाडावरच्या साळुंक्या उडाल्या. फिलूमावशी नारळ खवता खवता हातातली वाटी घेऊन ओट्यावर आली आणि खांबाला टेकून उभी राहिली. मग हळूच पायरीवर बसली.

हेरंब थांबला. घाम पुसला.

"छान वाजवतोस रे पोरा," मावशी म्हणाली.

"बघितलंस?" मास्तर म्हणाले.

"काय?"

"उभी होती ती बसली."

मी हसू दाबलं, पण खांदे हलायचे ते हललेच.

"नाचतोस का कधी?" मास्तरांनी विचारलं.

"नाही. मी वाजवणारा आहे."

"अरे देवा," मावशी म्हणाली. "म्हणजे रांधणारा जेवत नाही होय?"

मास्तर उठले. पिंपाजवळ गेले. उजवा हात समोर धरून त्याच्याकडे बघत राहिले… बोटं उघडेनात. मग तशीच मूठ त्यांनी पिंपावर मारली.

धम्म.

…

धम्म.

…

मधे नुसती शांतता. शेजारच्या वाडीतला पंप ऐकू येत होता तेवढा.

धम्म.

तिसऱ्या ठोक्याला फिलूमावशीनं वाटी खाली ठेवली. चौथ्याला पायरीवरून उठली. पदर खोचला. आणि मग, पंचाहत्तर वर्षांची बाई, दोन्ही गुडघ्यांना तेल चोळून झोपणारी, अंगणात नाचायला लागली. मूठ पडली की पाय खाली. मधल्या शांततेत काय नव्हतं? एक गिरकी, कमरेला एक झटका, खांद्याची एक उसळी. एकदा तर तिनं चक्क चुटकी वाजवून मास्तरांना डोळा मारला. मास्तर लाजले. मी स्वतः बघितलंय.

माझा पाय आपोआप चालू झाला होता. हेरंबचा नाही. त्याची बोटं मांडीवर काहीतरी मोजत होती.

"मास्तर, तुम्ही चार ठोक्यांतला एकच वाजवताय," तो म्हणाला. "बाकीचे तीन?"

"तिला विचार."

"माझ्याकडे आहेत," मावशी धापा टाकत म्हणाली. "पाहिजेत?"

हेरंबचे कान लाल झाले.

"आठ परीक्षा मी दिल्या त्या एक ठोका वाजवायला?"

"एक नाही," मास्तर म्हणाले. "पहिला."

"हे तर लहान पोरही वाजवील!"

"वाजवील ना. तू वाजवशील?"

हेरंबनं काड्या पिशवीत कोंबल्या. चहा झाला होता, तो न घेताच निघाला. फाटक असं आपटलं की कोयंडा निघून खाली पडला.

मला शरम वाटली. आणला कुणी होता? मीच.

"मास्तर, माफ करा. काढून टाकू का त्याला? तुम्ही सांगाल तसं करतो."

मास्तरांनी वाकून कोयंडा उचलला.

"रविवारी सांगतो," ते म्हणाले.

रविवारी संध्याकाळी सहाला हॉल भरला. दोनशे माणूस. जुजेनं बदामी सूट घातला होता, त्या काळातला, खाली घोळदार पॅन्ट. पोटावरचं बटण लागत नव्हतं, पण ऐट बघावी! कात्रीन लाल साडीत, केसांत अबोली. मास्तरांना स्टेजच्या कडेला खुर्ची दिली होती. फिलूमावशी समोरच्या रांगेत.

हेरंब आला. माझ्याशी बोलला नाही. कानात खुंटी घातली आणि डोळे मिटून बसला.

पहिलं गाणं डिस्को. हेरंबनं नेहमीपेक्षा जास्तच वाजवलं. भ्यालेला माणूस जसा भराभर बोलतो ना, तसं. जुजे आणि कात्रीन हात धरून मधे आले. तीन पावलं टाकली. चौथं पाऊल कुठं टाकावं ते जुजेला कळेना. तो थांबला, ओशाळं हसला आणि बायकोला घेऊन खुर्चीवर परत गेला.

"वय झालं," तो शेजाऱ्याला म्हणाला. ते मला स्टेजवर ऐकू आलं. पन्नास वर्षांनी एकदा नाचवा म्हणाला होता बिचारा.

लोक भुजिंगच्या, आमच्याकडच्या कोंबडी-पोह्यांच्या, ताटांकडे वळले. मी हेरंबकडे बघितलं. त्याचे डोळे उघडे होते. त्यानंही जुजेचं बोलणं ऐकलं होतं. तो रडायच्या बेतात होता, आणि मी मनात म्हटलं, संपलं, सोमवार आला.

दुसरं गाणं फंक. मी तोंडानं आकडे मोजायला लागलो तर हेरंबनं हात वर केला.

थांबा.

तो जुजेच्या खुर्चीखाली बघत होता. जुजेचा एक बूट जमिनीवर आपटत होता. सवयीनं. मालकाला पत्ताही नसेल. टिकटिकेपेक्षा संथ, गुडघा सांभाळून, पण अगदी नेमका.

हेरंबनं कानातली खुंटी काढली आणि खिशात टाकली.

टिकटिकेशिवाय हा पोरगा घराबाहेर पडत नाही!

त्यानं काड्या मांडीवर ठेवल्या. पायानं खालचा मोठा ड्रम मारला. जुजेच्या बुटाबरोबर.

धम्म.

आणि सोडून दिलं…

धम्म.

त्याच्या हातांची तळमळ मला दिसत होती. त्या रिकाम्या जागेत घालायला त्याच्याकडे आठ परीक्षांचा माल होता. ओठ चावला पठ्ठ्यानं, पण हात उचलला नाही.

मी पहिल्या ठोक्यावर बासचा जाड सूर ठेवला. गिटारवाल्यानं मधे चिमूटभर टाकलं. बाकी जागा तशीच मोकळी.

जुजेनं आपल्या बुटाकडे बघितलं. मग कात्रीनकडे. कात्रीन आधीच उठली होती.

या वेळी चौथं पाऊल पडलं. पाचवं पडलं. जुजेनं एक हात वर केला, बोट छताकडे, दुसरा हात कमरेवर, आणि बदामी सूटचं ते एकुलतं लागलेलं बटणही तुटून उडालं. हॉलमध्ये अशी शिट्टी पडली! कात्रीननं त्याच्याभोवती फेरी मारली, आणि मग दोघं हसत सुटली. नवीन लग्न झाल्यासारखी.

फिलूमावशी गेली. तिच्यामागे नणंदा, भावजया, जावई, गुडघे बदललेले आणि बदलायला टाकलेले, सगळे. भुजिंग वाढणारा झारा हातात घेऊनच आला. चर्चचे फादर भिंतीशी उभे होते, म्हटलं हे तरी राहतील. कसले राहतात! पहिल्या ठोक्याला दोनशे माणसांचे पाय एकदम पडायचे आणि माझ्या पायाखालची फळी थरथरायची. मला रडू येत होतं आणि मी दात काढून हसत होतो.

मग गाण्यातली ती जागा आली, जिथं सगळी वाद्यं थांबतात आणि फक्त ड्रम राहतो. ही जागा म्हणजे ड्रमरची दिवाळी. तीन लग्नांत हेरंबनं तिथं पाच-पाच मिनिटं आतषबाजी केली होती.

आम्ही थांबलो. सगळे त्याच्याकडे बघायला लागलो.

हेरंबनं पाय उचलला… आणि मारलाच नाही.

धम्म!

तो आवाज खालून आला. हॉलनं जमिनीवर मारला होता.

हेरंब दचकला. परत पाय उचलला, परत थांबला.

धम्म!

तो हसला. मी त्याला आजवर असा हसताना बघितला नव्हता. त्यानं काड्या स्टुलावर ठेवल्या, आणि फिलूमावशीनं स्टेजखालून हात पुढे केला होता तो धरून सरळ खाली उडी मारली.

नाचला काय म्हणता! हात वसईला, पाय विरारला. कोपर जुजेला लागलं, कपाळ फादरांना लागलं. पण पहिल्याला पाय बरोबर खाली! लोकांनी त्याच्याभोवती गोल केला. कात्रीननं त्याला दोन्ही हातांनी धरून गरगर फिरवला, आणि तो मोठमोठ्यानं ओरडत होता, काय ते त्यालाच माहीत.

गिटारवाला परत सुरू झाला. मीही सुरू झालो. चार ओळी गेल्यावर माझं मागे लक्ष गेलं आणि मी हादरलो. स्टूल रिकामं. गाणं अर्धं व्हायचंय, आणि ड्रमवर कोणी नाही!

मी बास वाजवत वाजवत कडेला सरकलो. मास्तर खुर्चीत डोळे मिटून बसले होते. वाकडी मूठ मांडीवर पडत होती, हॉलच्या पायांबरोबर.

"मास्तर!" मी ओरडलो. "हा पोरगा ड्रम सोडून खाली गेलाय! बघा तरी! आता सांगा, ठेवू याला की काढू?"

मास्तरांनी डोळे उघडले नाहीत.

"गप रे, आग्नेल… ऐकू दे. काय वाजवतंय आज पोरगं!"