बंद दारांवरची माउली

घड्याळं फक्त मनोऱ्यांवरच असायची, त्या जुन्या काळची ही गोष्ट. दूर उत्तरेकडे, कालव्यांच्या एका गावात, एका म्हाताऱ्या चिताऱ्याचे दोन शिष्य होते.

गावच्या चर्चसाठी त्यांना दोन दारांचं लाकडी चित्र करायचं होतं. अशा चित्राची दारं सणापुरती उघडत. म्हणून आत सगळे झळझळीत रंग, आणि दारांच्या बाहेरच्या बाजूला नुसता करडा, दगडी मूर्तीसारखा. गुरूंनी आतलं काम थोरल्याला दिलं, बाहेरचं धाकट्याला.

धाकट्याच्या ते फार जिव्हारी लागलं. निळा नाही, लाल नाही, आपली कला दिसणार कशात? हे एकदा उरकायचं आणि गाव सोडायचं, असं त्याने मनाशी ठरवून टाकलं. जवसाच्या तेलात कालवलेल्या रंगाचा पातळ हात द्यायचा, तो वाळू द्यायचा, मग पुढचा हात, ही त्यांची रीत. या पठ्ठ्याने एका दिवसात जाड थर फासला. आठवड्याने पाहतो तर दुधाच्या सायीसारख्या सुरकुत्या. गुरू रागावले नाहीत, खरवडायची पट्टी तेवढी त्यांनी हातात दिली.

तो खरवडत असताना कपडे धुणारी म्हातारी धुतलेले कपडे घेऊन आली. आतलं चित्र बघ, डोळे निवतील, असं तो कडवटपणे म्हणाला.

"आतलं आम्हाला कुठलं दिसायला, बाबा?" ती म्हणाली. "सणाला पुढे बडी माणसं. मी रोज सकाळी जाते तेव्हा जुन्या चित्राची दारं बंदच असतात. त्या कोऱ्या फळ्यांशीच बोलते मी."

धाकट्याला स्वतःची लाज वाटली.

मग त्याने रंगाचे पातळ हात एकावर एक दिले, प्रत्येक वाळेपर्यंत थांबला. चित्र असं: देवदूत मरीयामातेला बाळ होणार असल्याची वार्ता सांगतो आहे, मागे पाण्याचं घंगाळ आणि पांढरा पंचा. पाणी आणि पंचा म्हणजे मातेचं निर्मळपण, हे तिथे सगळ्यांना ठाऊक होतं. शेवटचा हात वाळला तेव्हा त्या करड्यातलं पाणीसुद्धा चमकत होतं.

चित्र चर्चमध्ये लागलं. दोन महिन्यांनी सण आला, दारं उघडली. थोरल्याची वाहवा झाली, आणि ती रास्तच होती. तेवढ्यात म्हातारी गर्दीतून वाट काढत आली आणि उघडलेल्या दाराच्या मागे, भिंतीकडच्या फटीत वाकून पाहू लागली.

"आमची माउली कुठे गेली?" तिने धाकट्याला विचारलं. "रोज तिला भेटून कामाला जाते मी."

उद्या सकाळी भेटेल, असं त्याने सांगितलं. त्याने गाव कधीच सोडलं नाही.

जे काम रोज कुणाची सोबत करतं, ते सणाला मिरवणाऱ्या कामाहून कमी नसतं.