बिनखड्याची गोजरा

एका खड्यानं डोंगराचं काय जातंय म्हणे! असंच म्हणाला ना त्यो धोंडजी? पारावर बसून, मिशीला पीळ देत? आन् तुम्ही माना डोलावल्या! त्यो हितं न्हाई म्हणून वाचला, न्हाईतर तोंडावर सांगितलं असतं त्याला. आता तुम्ही ऐका. गप बसून ऐका.

ह्यो समोरचा बिलोरी डोंगर पयल्यांदा या टोकापास्नं त्या टोकापातूर उजळायचा. एक सुळका हळदीगत पिवळा, एक पिकल्या जांभळागत, एक तर कैरीच्या सालीवानी हिरवागार. आतनं उजेड झुळझुळायचा. सांज झाली की मेंढरांच्या लोकरीवर निळं-गुलाबी ठिपकं नाचायचं. दिवा कसा असतो, ते ठावं नव्हतं ह्या खोऱ्याला.

मग रीत पडली. पोर झालं की बापानं वर जायचं, डोंगराचा टवका काढायचा आन् बारशाला पाळण्यावर बांधायचा. पोराचं नशीब उजळतं म्हणे! वरीसभरात खडा विझायचा. विझला की पोरं त्याच्या गोट्या करायची. पुढचं पोर, पुढचा टवका. सुळक्यामागनं सुळका काळा पडत गेला, पर मान वर करून बघतंय कोण?

गोजराच्या पाळण्याला तेवढा खडा नव्हता. बाप तिच्या जन्माआधीच गेला, आन् आई बाळंतिणीच्या खाटेवर पडलेली. वर चढणार कोण?

"बिनखड्याची गं, बिनखड्याची!" पोरी चिडवायच्या. सात वर्साची गोजरा, डोक्यावर गवताचा भारा, आपली वाट धरायची. चिडवणारीचीच शेळी सुटली तर धरून आणून द्यायची. असली पोर.

त्या साली आई तापानं अंथरुणाला खिळली. डोळ्यांपुढं अंधार, घरात अंधार. त्यांच्या दारासमोरचा सुळका कवाच विझला व्हता.

"गोजरे," आई म्हणाली, "तुझ्या बारशाला खडा न्हाई बांधला मी. तेवढंच डाचतंय बघ."

"मी आणते की! खडा आला की उठशील ना?"

आई नुसती हसली. गोजरा पळाली.

वाटंत सगळं काळं. हात सोलपटलं, गुडघं फुटलं. दिवस कलता कलता एका कपारीत तिला उजेड दिसला. बोटभर सुळका, मोगऱ्याच्या कळीएवढं टोक, आत दुधाळ निळी झिलई थरथरणारी. अख्ख्या रांगेत तेवढाच जिता. गोजरानं दगड उचलला.

"हळू मार गं बाई," कुणीतरी बारीक आवाजात म्हणालं.

सुळक्याला टेकून एक इवलीशी परी बसली व्हती. नाकतोड्याएवढी. अंगावर दवाच्या थेंबांचं झबलं, कपाळावर चांदणीची टिकली. पर पंखांचं काय सांगू? उंदरानं कुरतडलेल्या फडक्यावानी नुसतं टवकंच टवकं.

"कुणी केलं गं हे?" गोजरानं इचारलं.

"बारशांनी," परी म्हणाली. "डोंगराचा टवका निघतो तेव्हा माझ्या पंखाचाही निघतो. खडा परत आणून ठेवला तर तो पुन्हा पेटतो. पण आजवर कुणी परत आणलाच नाही. तुझा खडा मात्र राहिलाय बाळ, तुझा हक्क आहे. एक मागणं माग. नेम तीन आहेत. एकच मागायचं, दिवस बुडायच्या आत मागायचं, आणि देणार ते ह्याच उजेडातनं. माझ्यापाशी दुसरं काही नाही."

"माझी आई बरी व्हईल?"

"होईल. हा सुळका विझेल."

"आन् तू?"

 परीनं पंख तेवढं मिटून घेतलं.

गोजरा दगड धरून उभी. खाली तिचं घर, काळं ठिक्कर. घरात आई. ती रडली, हुंदके देऊन रडली. सुरव्या टेकडीला टेकला.

"माग ना गं राजा," परीच म्हणाली. "वेळ चाललीय."

गोजरानं दगड खाली ठेवला. परकराची किनार टर्रकन फाडली आन् परीच्या पंखाला हळूच पट्टी बांधली. "दुखतंय का?" म्हणाली. तेवढ्यात दिवस बुडाला. मागणं गेलं.

घरी आली ती रित्या हातानं.

"आणलास?" आईनं इचारलं.

"न्हाई आये. तिथं एक परी व्हती. तिचं पंख तुटलं असतं."

"मग बरं केलंस. मोडून आणला असतास तर मीच भाईर फेकला असता. ये, जवळ ये."

गोजरानं आईच्या गालाला हात लावला आन् दोघी दचकल्या. पट्टी बांधताना पंखांची भुकटी तळव्यांना लागली व्हती. चिमुकलं तळवं निळं-सोनेरी उजळलं. त्या उजेडात आईला दिसलं. लेकीचं नाक दिसलं, डोळं दिसलं, कपाळावरचा घाम दिसला. तिनं पोटभर बघून घेतलं.

सकाळी आई उठली न्हाई.

तेरावा झाला आन् गोजरा दारोदार फिरली. उकिरड्यातनं, चुलीमागनं, पोरांच्या खिशांतनं विझलेलं खडं गोळा केलं. ओटीत भरून वर नेलं, एकेक जागेवर ठेवला, वरनं तळवा दाबला. खडा पेटायचा. हळद पेटली, जांभूळ पेटलं. खडं न्यायला आन् ठेवायला वरसं गेली. एका पहाटंला परीचं पंख भरलं. तिनं गोजराच्या कपाळाची पापी घेतली, म्हणाली, "तुझ्या तळव्यांतला उजेड तुझाच. तो मरेस्तोवर विझायचा नाही." आन् झळाळली, आन् उजेडातच मिसळून गेली. दिसली न्हाई पुन्हा.

गोजरा आता म्हातारी झालीय. अजून रोज वर चढती. डोंगराचा तेवढा डावा कोपरा काळा ऱ्हायलाय, बघा, त्यो तिकडं. त्यो आपल्या आळीचा, खडं न दिलेल्यांचा. धोंडजीचा, माझा, तुमचा.

माझा खडा मी काल वर देऊन आलो.

उठा. पाळण्याचा खडा सोडा. आन् चला वर.