न दिलेली आमराई

सरदार हैबतरावांच्या मेजवानीत दारूचे पाट वाहायचे. त्यांच्याच मुदपाकखान्यातली तान्हूबाई मात्र वाळा, आलं, तुळस नि कोकम घालून सरबतं करायची. लेकीच्या लग्नात पाहुण्यांना हीच सरबतं द्यायची, असा सरदारीणबाईंनी हट्ट धरला, तसे सरदार भडकले. कालच्या मेजवानीने डोकं ठणकत असतानाच त्यांनी तान्हूबाईला सदरेवर बोलावलं.

"तुझ्या पाल्याच्या पाण्यात असं काय आहे, जे माझ्या दारूत नाही? आत्ता दाखव, नाहीतर तुझे माठ फोडतो!"

"खुशाल फोडा, सरकार," तान्हूबाई हात जोडून म्हणाली. "फक्त काल मेजवानीत नदीकाठची आमराई मला इनाम दिलीत, तिचा कागद तेवढा करून द्या."

सरदारांचा चेहरा उतरला. काही केल्या आठवेना. त्यांनी काल सोबत प्यायलेल्या मानकऱ्यांकडे पाहिलं. आठवत नाही म्हणायची त्यांनाही लाज.

"दिलीत की! मी ऐकलं," एकजण म्हणाला.

"मीही," दुसरा म्हणाला.

तिसरा म्हणाला, "आम्ही टाळ्यासुद्धा वाजवल्या!"

सरदारांनी नाइलाजाने दौत-लेखणी मागवली. तेव्हा कुठे तान्हूबाई हसली.

"राहू द्या, सरकार. तुम्ही काहीच दिलं नव्हतं. काल एवढ्या माणसांत मी एकटीच सरबत प्यायले होते, म्हणून मला ठाऊक. माझ्या पाण्यात आहे ते एवढंच."

सरदारांनी तिघा मानकऱ्यांकडे रोखून पाहिलं, मग सरबत मागवलं आणि घटाघटा पेला रिकामा केला.

"लग्नात हेच. आणि आमराई आता खरंच दिली," ते म्हणाले. "साक्षीदार नकोत. उद्या माझं मलाच आठवेल."